तीन नंबरच्या संगणकावरचे कापड

दुर्गा आमच्या घरी आली तेव्हा तिच्या हातात एक नायलॉनची पिशवी होती. पिशवीत शाळेचे दोन गणवेश, एक कंगवा आणि तिच्या आईचा, म्हणजे माझ्या आत्याचा, फ्रेममधून काढून घेतलेला फोटो एवढेच सामान होते. आत्या वारल्यावर तिच्या नवऱ्याने लोणारला दुसरे लग्न केले आणि नव्या बायकोला दिवस गेले, तेव्हा बाबा जाऊन भाचीला घेऊन आले. लोणार आमच्या जिल्ह्याच्या एका टोकाला आणि आमचे सोनाळा दुसऱ्या टोकाला. तीन गाड्या बदलून ती दोघे संध्याकाळी घरी पोचली. आईने दारातच तिच्या पायांवर पाणी घातले, तिला आत घेतले आणि पहिला प्रश्न विचारला तो बाबांना, तिच्यासमोरच: "किती दिवस ऱ्हाईन हे?" दुर्गानेच उत्तर दिले, "मामी, मले जुड्या बांधता येते." मला आठवते, मला हसू आले होते. प्रश्न काय आणि उत्तर काय, असे मला वाटले. प्रश्न तिला माझ्यापेक्षा पुष्कळ चांगला कळला होता, हे समजायला मला वेळ लागला.

आमचे घर भाजीपाल्याचे. वांगी, मिरची, मेथी आणि सांभार, ज्याला बाहेरचे लोक कोथिंबीर म्हणतात. उजाडण्यापूर्वी अंगणात ओली पोती पसरलेली असत. पोत्यांवर हिरवा ढीग, ढिगाभोवती आम्ही, आणि दातांनी सुतळी तोडल्याचा कट् कट् असा आवाज. बाजारात माल नेणारा तीनचाकी टेम्पो कोपऱ्यावरून भोंगा वाजवीत यायचा आणि तोवर शेवटची जुडी बांधून व्हायला हवी असे. आत चुलीवर आई भाकरी थापत असे. तिच्या थापण्याच्या आवाजावरून तिचा राग किती आहे ते कळायचे. जेवणात ज्वारीची भाकर, खलबत्त्यात ओबडधोबड कुटलेला मिरचीचा ठेचा, वर कच्चे तेल, आणि रविवारी बेसनाच्या पातोडीची झणझणीत भाजी. दुर्गा जुड्या खरोखरच फार भराभर बांधायची. मी एक बांधेपर्यंत तिच्या तीन होत. त्याचा परिणाम असा झाला की जुड्यांचे काम हळूहळू तिचे एकटीचे झाले आणि मी पुस्तक घेऊन आत बसू लागले. "वैशूले शियी भाकर देऊ नोको वं," आई तिला सांगायची, "तिले अभ्यास हाये. तुले चालते." दुर्गा "हाव मामी" म्हणायची आणि शिळी भाकर ठेच्यात कुस्करून अशा चवीने खायची की मला माझी गरम भाकर बेचव लागे. या गोष्टीचाही मला राग यायचा.

मी लाजाळू होते. घरी, शाळेत, नात्यागोत्यात माझी ओळखच ती होती. पाहुणे आले की मी दाराआड, सरांनी प्रश्न विचारला की उत्तर येत असूनही मान खाली. "लय गरीब पोट्टी हाये," असे बायका कौतुकाने म्हणत. आमच्याकडे गरीब म्हणजे स्वभावाने गरीब, कोणाच्या अध्यात ना मध्यात. मला ते कौतुक आवडत असे. लाजाळू माणसाकडून कोणाला काही इजा होईल अशी शंका कुणी घेत नाही, आणि तशी शंका कुणी घेत नाही याची त्या माणसाला आतून चांगली कल्पना असते. हे वाक्य लिहायला मला आयुष्याचा बराच भाग लागला. लिहायलाच मी उशिरा बसले, केस पांढरे झाल्यावर; त्याचेही कारण लाजच असे मी आजवर सांगत आले. ते पूर्ण खरे नव्हे.

आम्ही दोघी नववीत होतो तेव्हा शाळेला कुठल्याशा संस्थेकडून दोन रोबो मिळाले. रोबो म्हणजे जेवणाच्या डब्याएवढे, पिवळ्या प्लास्टिकचे, दोन चाकांचे वाहन. पोटाखाली जमिनीवरची काळी पट्टी ओळखणारे दोन डोळे आणि डोक्यावर एक दिवा. त्यातल्या एकाचे चाक पहिल्याच आठवड्यात मुलांनी मोडले, म्हणून उरला एक. त्याला चालवायला निराळे काही लागत नसे. संगणकावर ब्राउझर उघडायचा, ठरलेले पान आणायचे, रंगीत ठोकळे माउसने ओढून एकाखाली एक लावायचे, म्हणजे झाल्या सूचना. पानाच्या वरच्या कोपऱ्यात 'जोडा' असे बटन होते. ते दाबले की जवळपासच्या रोबोचे नाव दिसे, नावावर टिचकी मारली की बिनतारी जोडणी होई, आणि रोबो आपला होई. शेजारी दुसरे बटन होते, 'सोडा'.

विज्ञानाच्या वानखडे सरांकडे संगणकांची खोली होती. त्यांचा एक नियम मला पुढे कुठल्याही प्रयोगशाळेत आढळला नाही. संगणक जुने होते, एकदा बंद केले की सुरू व्हायला तास घेत आणि एखादा सुरूच होत नसे. म्हणून दिवसभर बंद कोणी करायचा नाही. "काम झालं का कपडा टाकायचा अन् निंगायचं. बटनाले हात लावला त हात तोडीन," असे सरांनी बजावले होते. शिवणाच्या तासाला मुलींनी लाल कापडाची झाकणे शिवली होती आणि प्रत्येकावर पांढऱ्या दोऱ्याने आकडा काढला होता. दसऱ्याला त्या झाकणांनाच हळदकुंकू वाहिले जाई. संध्याकाळी शिपाईकाका मुख्य बटन बंद करीत, तोवर त्या लाल कापडांखाली संगणक आपले जागेच असत, आणि आम्हांला मात्र ते झोपलेले वाटत. आठ संगणकांपैकी बिनतारी जोडणीची लहानशी चकती फक्त तीन नंबरला खोचलेली होती, म्हणून रोबोचे काम तीन नंबरवरच चाले.

दुर्गाने त्या रोबोला पहिल्या महिन्यातच ओळखले. ओळखले हाच शब्द बरोबर आहे. मला ठोकळ्यांची रचना पटकन समजे, पण रोबो बिघडला की मी हातावर हात ठेवून बसत असे आणि सरांना विचारायची लाज वाटे. दुर्गा मात्र खाली पालथी पडून त्याच्या पोटाखाली बघायची. दुपारी तो पट्टी सोडून भरकटतो, सकाळी नाही, हे तिला दिसले. मग तिने पश्चिमेच्या खिडकीला पोते लावले आणि तो सरळ चालू लागला. पट्टी ओळखणाऱ्या डोळ्यांना उन्हाची तिरीप सहन होत नव्हती. एकदा तो डावीकडेच गोल गोल फिरू लागला, तेव्हा तिने सुईने डाव्या चाकाच्या आसातून आमच्यापैकीच कुणाचा तरी लांब केस ओढून काढला. निघताच मागे उडी मारून तो बंद पडायचा, तेव्हा सेल उतरल्याचे तिने सांगितले. दिव्याच्या हिरव्या-निळ्या रंगांचा अर्थ तिनेच मला समजावून दिला. "पाय वैशू, हिरवा टिमटिमून राह्यला म्हंजे तो वाट पाहून राह्यला. निया झाला म्हंजे कोनाचा तरी झाला. मंग दुसऱ्या कोनाले दिसत नाई तो." आणि प्रत्येक वेळी, मी घाईने तीन नंबरवर कापड टाकू लागले की ती माझा हात धरायची: "आधी सोड वं त्याले. मंग झाक. नाई त तो तुले धरूनच ऱ्हाते, बंद करून चालू केला तरी."

माझ्या एका जुन्या वहीची कोरी पाने तिने मागून घेतली होती. त्यांवर तीन रकाने आखले होते: काय झालं, काऊन (म्हणजे का) झालं, काय केलं. रोज काही ना काही त्यात उतरत असे. केस, ऊन, सेल, जुना ब्राउझर, सरांच्या मोबाइलवरून घेतलेले मंद इंटरनेट. अक्षर वेडेवाकडे, भाषा घरचीच. सरांनी ती वही एकदा वर्गात वाचून दाखवली, हसण्यासाठी. "'चाकात केस गुतेल होता,'" सर नाक वर करून वाचत होते, "'सुईनं काहाडला.' वा! शोधपत्रिकेत छापा हो." वर्ग लोळला. मुलांनी तिचे नाव आधीच 'खड्डा' ठेवलेले होते, कारण ती लोणारच्या, उल्केने पाडलेल्या त्या सरोवराच्या गावाहून आलेली. "ए खड्ड्या, तुयाकडे वरून दगड पडला तवा तुय्या डोक्यातच पडला काय बे?" असे तिला रोज ऐकावे लागे. त्या दिवशीपासून 'केसवाली' असे आणखी एक नाव मिळाले. मी हसले नाही असे मला लिहायला आवडले असते. मी तोंडावर हात ठेवून हसले, माझ्या स्वभावाला शोभेल असे.

दिवाळीच्या सुमारास दोन गोष्टी जवळ जवळ आल्या. लोणारहून दुर्गाच्या वडिलांचा फोन आला की नव्या बायकोला जुळी झाली आहेत, हाताखाली कोणी नाही, पोरगी परत पाठवा. आणि शाळेत सूचना आली की पुण्याच्या एक मॅडम येऊन प्रत्येक शाळेतून एक विद्यार्थी निवडणार आहेत. जो निवडला जाईल तो बुलढाण्याला जिल्ह्याच्या प्रदर्शनात जाईल आणि तिथल्या निवासी शाळेत त्याला दहावीपर्यंत राहण्या-जेवण्यासकट जागा मिळेल. बाबांनी ओसरीवर फोन धरून, आम्हांला सगळ्यांना ऐकू येईल असे, लोणारला सांगितले, "पोरीचा नंबर लागला त ते बुलढाण्याले जाईन, शिकीन. नाई लागला त या अन् घेऊन जा. मंग मी आडवा येत नाई." फोन ठेवून ते दुर्गाकडे बघून म्हणाले, "आता तुया हातात हाये, माय." सांभाराची जुडी बांधता बांधता तिने मान हलवली. तिची सुतळी त्या दिवशी तीनदा तुटली.

बाबांनी मला काही म्हटले नाही. माझा नंबर लागेल की नाही हा प्रश्नच घरात कोणाच्या मनात आला नव्हता. एक तर मी तशीही शिकणारच होते, आणि दुसरे म्हणजे रोबोच्या बाबतीत दुर्गा पुढे आहे, हे त्यांनी शांतपणे धरून चालले होते. पहिलीपासून मी कशातच दुसरी आलेली नव्हते. दुर्गा पुढे आहे हे मला किती बोचत होते, ते मी कुणाला सांगणे शक्य नव्हते. सांगण्यासारखा स्वभाव असता तर कदाचित पुढचे काही घडले नसते.

मॅडम आल्या त्या दिवशी सकाळी आम्हांला सरावाला अर्धा अर्धा तास मिळाला. आधी दोघा मुलांनी, मग दुर्गाने सराव केला; तिने 'सोडा' दाबले आणि ती उठली. मग मी बसले. रोबो माझ्याशीही नीट वागत होता. तेवढ्यात सर दारातून ओरडले, "आल्या! आल्या! उठा! रोबो घे अन् नववीच्या वर्गात ठिव." मी दचकून उठले, तीन नंबरवर लाल कापड ओढले आणि रोबो उचलून पळाले. 'सोडा' दाबायचे राहून गेले. इथपर्यंत ती चूक होती. माझ्या मनात काही नव्हते, हे मी आजही छातीवर हात ठेवून सांगू शकते, आणि या प्रकरणात असे सांगण्यासारखे दुसरे काहीच नाही.

नववीचा वर्ग संगणकांच्या खोलीला लागून होता, मध्ये एक भिंत. फरशीवर काळ्या चिकटपट्टीचे लांबट वर्तुळ काढलेले. टेबलावर मॅडमचा स्वतःचा लॅपटॉप, त्यात तेच पान उघडलेले. प्रत्येकाला दहा मिनिटे: जोडायचे, सूचना रचायच्या, रोबोला पट्टीवरून एक फेरी मारून आणायचे. पहिले नाव दुर्गाचे. मॅडमनी हसून तिला विचारले, "घाबरली नाहीस ना?" दुर्गा म्हणाली, "नाई. मी याले वयखते." मॅडमच्या कपाळावर एक लहानशी आठी आली. "काय करतेस?" "वयखते, बाई. म्हंजे... मले माहीत हाये तो." मागे कोणीतरी फिस्सकन हसले. मॅडमही हसल्या, वाईट हेतूने नसावे. पण त्या हसल्यामुळे वर्गाला परवानगी मिळाली.

दुर्गाने 'जोडा' दाबले. यादी रिकामी आली. तिने पुन्हा दाबले. रिकामी. तिने लॅपटॉप सोडला आणि पहिल्यांदा, तिच्या सवयीप्रमाणे, रोबोच्या डोक्यावरचा दिवा पाहिला. मीही पाहिला. दिवा निळा होता, न टिमटिमणारा, स्थिर निळा. त्या क्षणी मला सगळे समजले. भिंतीपलीकडे, तीनचा आकडा काढलेल्या लाल कापडाखाली, माझे पान उघडे होते आणि रोबो अजून माझा होता.

तिलाही जवळजवळ समजले. तिने रोबो बंद करून चालू केला. दिवा क्षणभर हिरवा टिमटिमला आणि पुन्हा निळा झाला. "सर," ती वळून म्हणाली, "हा कोनाशी तरी जोडेल हाये. पाहा ना, हिरवा होते अन् लगेच निया. कोनीतरी धरून ठेवलं याले."

"कोणी धरलं?" सर म्हणाले. "भूत लागलं काय त्याले?"

वर्ग फुटला. "लिंबू आना बे लिंबू!" एक मुलगा ओरडला. दुसरा म्हणाला, "खड्ड्यातलं भूत हाये सर, लोणारहून संगं आनलं तिनं!" मॅडम तोंडाशी रुमाल धरून हळूच म्हणाल्या, "धरून ठेवलं... किती गोड बोलते ही," आणि सरांना वाटले की मॅडमना मजा येते आहे, म्हणून त्यांनी आणखी जोर लावला. "केस पाय केस, चाकात गुतला असन! सुई देऊ काय?"

दुर्गा हसण्याकडे लक्ष देत नव्हती. तिचे डोळे दिव्यावर होते. "सर, मले दोन मिन्टं लॅबमधी जाऊ द्या. तीन नंबर पाहून येते. तथीच असन."

"बस!" सरांचा आवाज बदलला. "आपल्याले जमत नाई त मशीनवर ढकलायचं? तीन नंबर झाकेल हाये, मी सोता पाह्यला येतायेता. झाकेल संगनक काय करते? बहाने सांगू नोको बाईसमोर."

मग तिने माझ्याकडे पाहिले. माझ्यानंतर तीन नंबरवर कोणी बसलेले नव्हते, हे तिला ठाऊक होते. तिच्या नजरेत संशय नव्हता, हे मला नीट आठवते. ती फक्त विचारत होती: वैशू, सोडलं होतं ना? मला एकच वाक्य बोलायचे होते. बोलले असते तर सर मला रागावलेही नसते. मी मान खाली घातली. मी वर्गात नेहमी मान खाली घालीत असे, म्हणून त्यात कोणाला काहीच वेगळे वाटले नाही. फरशीवरच्या काळ्या पट्टीची एक कड सुटून वर आली होती. दहा मिनिटे संपेपर्यंत मी तिच्याकडे बघत राहिले. दुर्गाने तेवढ्या वेळात सतरा वेळा 'जोडा' दाबले. मी मोजले.

"वेळ संपला, बाळा," मॅडम म्हणाल्या. दुर्गाला बाहेर जायला सांगितले. त्यानंतर ते दोघे मुलगे आले, त्यांनाही रोबो सापडला नाही, आणि कोणीही त्यांच्यावर हसले नाही. सर घाम पुसत होते. शेवटचे नाव माझे होते. मी उठले आणि इतक्या हळू आवाजात की सरांना कान जवळ आणावा लागला, विचारले, "सर, पाणी पिऊन येऊ?" सर म्हणाले, "जा बेटा, घाबरू नोको."

मी बाहेर गेले. संगणकांच्या खोलीच्या खिडकीखाली, ओट्याच्या पायरीवर दुर्गा गुडघ्यांत तोंड घालून बसली होती. मी तिच्या मागून आत शिरले. तीन नंबरवरचे कापड एका कोपऱ्याने उचलले, आत हात घालून माउस हलवला, पडदा उजळला, माझे रंगीत ठोकळे सकाळी सोडले होते तसेच होते. मी 'सोडा' दाबले. कापड पुन्हा टाकले आणि आकडा समोर येईल असे चारी कडांनी सारखे केले. परत येताना, आपण सरांशी खोटे बोललो असे होऊ नये म्हणून, माठातले पाणी मी खरोखरच प्याले. अर्धा पेला. गार होते.

वर्गात दिवा हिरवा टिमटिमत होता. मी 'जोडा' दाबले, यादीत नाव आले, दिवा निळा झाला. रोबोने फेरी पूर्ण केली आणि जिथून निघाला तिथेच येऊन थांबला. वर्गाने टाळ्या वाजवल्या. "पाह्यलं?" सर म्हणाले. "यंत्राले हात समजते." मॅडमनी माझी पाठ थोपटली. "शांत मुलं जास्त विचार करतात," त्या म्हणाल्या, आणि कागदावर माझे नाव लिहिले.

त्या संध्याकाळी आईने शिरा केला. वेलदोडे दुर्गाकडून कुटवून घेतले. बाबा शेतातून आले, पाय धुतले, आणि शिऱ्याच्या वासाने चेहरा उजळून दुर्गाकडे बघत म्हणाले, "लागला ना नंबर?" आई म्हणाली, "लागला. वैशूचा." बाबांनी दुर्गाला विचारले, "काय झालं वं?" ती म्हणाली, "नाई जमलं, मामा." बाबांना ते पटले नसावे, कारण जेवणानंतर ते मला बाजूला घेऊन हळूच म्हणाले, "वैशू, मशीन खराब होती काय? खरं सांग. तसं असन त मी सरांशी बोलतो, परत घ्याले लावतो." दुसऱ्यांदा दार उघडले होते, आणि या वेळी तर समोर वर्ग नव्हता, मॅडम नव्हत्या, फक्त माझे बाबा होते. मी म्हणाले, "मला नाही माहीत, बाबा." मी घरीही शाळेसारखी मराठी बोलत असे, आईला त्याचा अभिमान होता.

चौथ्या दिवशी दुर्गाचे वडील आले. आईने तिला माझा एक जुना ड्रेस दिला आणि शिळ्या भाकरींची शिदोरी बांधून दिली. जाण्याआधी दुर्गाने पहाटेच्या सगळ्या जुड्या बांधून टाकल्या होत्या. मी बस थांब्यावर गेले नाही, मला सराव होता. निघताना ती खोलीत आली, पिशवी खांद्याला, आणि म्हणाली, "वही दप्तराखाली ठेवली. तुले लागन तथी." मी म्हणाले, "बरं." ती थोडी थांबली. मी ठोकळ्यांच्या पुस्तकातून डोके वर काढले नाही. मग अंगणात तिच्या चपलांचा आवाज आला आणि आईने पोती झटकल्याचा.

वही मला लागलीच. प्रदर्शनात आपल्या कामाच्या नोंदी मांडायच्या होत्या. मी नवी वही घेतली आणि दुर्गाची सगळी पाने सुवाच्य अक्षरात उतरवून काढली. रकान्यांची नावे बदलून दोष, कारण आणि उपाय अशी केली. 'गुतेल होता' चे 'अडकला होता' केले, 'तिरीप लागते' चे 'सूर्यप्रकाशाचा व्यत्यय येतो' केले. बुलढाण्याला दुपारी आमच्या टेबलावर ऊन आले आणि रोबो भरकटला. मी ओढणी काढून खिडकीवर धरली आणि तो सरळ चालला. परीक्षक थक्क झाले. पुण्याच्या मॅडमनी वही चाळली आणि विचारले, "ही निरीक्षणं कोणाची?" मी मान खाली घालून म्हणाले, "माझी."

निवासी शाळेतली जागा मला मिळाली. तिथून पुढचे सगळे मिळत गेले. पुढे मी संगणक शिकवण्यातच आयुष्य घालवले. माझ्या विद्यार्थ्यांना मी पहिल्या दिवशी तीन रकाने आखायला लावीत असे, आणि ही पद्धत तुम्ही कोठून घेतली असे कोणी विचारले तर हसून विषय बदलत असे. दुर्गा दहावीला बसलीच नाही. लोणारला तिच्या नवऱ्याचे पाण्याच्या मोटारी दुरुस्त करण्याचे दुकान आहे. पाटीवर नाव त्याचे आहे, जळालेल्या मोटारींत तांब्याची तार ती भरते. एकदा मी सगळे सांगायचे ठरवून तिच्याकडे गेले. तिने तेलकट हात फडक्याला पुसले, "बारीक झाली वं वैशू," म्हणाली आणि चहा ठेवला. मी चहा प्याले, चांगला झाला आहे असे म्हणाले आणि उठून आले. तिला जे सांगायचे होते ते तिने केव्हाच लिहून ठेवले होते.

कारण त्या दिवशी खिडकीखालच्या पायरीवर तिचे तोंड शेवटपर्यंत गुडघ्यांत नव्हते. हे मला तिची वही उतरवताना कळले. शेवटच्या पानावर एक नोंद होती. बाकीच्या नोंदींसारखीच, त्याच अक्षरात, तशीच सरळ, कुठे खाडाखोड नाही. तिने ती मामाला दाखवली नाही, सरांना दाखवली नाही. तिने नेहमीप्रमाणे दोष लिहिला, कारण लिहिले आणि वही माझ्या दप्तराखाली ठेवली. माझ्या शुद्ध प्रतीत ती नोंद नाही. तेवढी एकच मी गाळली. इथे ती तिच्याच शब्दांत उतरवते.

काय झालं: रोबो सापडत नाई. लाइट निया.
काऊन झालं: तीन नंबरच्या कपड्याखाली वैशूचं पान उघडं होतं.
काय केलं: वैशूनं सोडलं. माहा नंबर झाल्यावर.